'ऋत' हे नाव मुलाचं की मुलीचं?

तुमचं म्हणणं मला समजलं ते असं. सातवा महिना चालू आहे. तुम्हा दोघांना 'ऋत' हे नाव आवडलंय आणि मुलगा होवो की मुलगी, हेच ठेवायचं असं ठरलंय. सासूबाई म्हणतात, नाव अर्धवट वाटतं, मुलगी झाली तर निदान 'ऋता' तरी करा. नणंदबाईंच्या मते ते मुलाला शोभेल, मुलीला नाही. अर्थ शोधायला गेलात तर एका ठिकाणी 'ऋतू' मिळाला, दुसऱ्या ठिकाणी 'सत्य'. आता तुम्ही विचारताय की नेमका अर्थ काय, दोघांनाही चालेल का, आणि पोराला शाळेत त्रास होईल का.

मी ३१ वर्षं माध्यमिक शाळेत संस्कृत शिकवलं. संस्कृतची बाई म्हटलं की नाव सुचवायला लोक येतातच, त्यामुळे बारशाआधीची चर्चाही खूप ऐकली. पण माझा खरा अनुभव हजेरीचा. बारशाला नाव कसं वाटतं आणि आठवीच्या वर्गात कसं वाटतं, यात बराच फरक असतो. म्हणून अर्थाबरोबर थोडं हजेरीपटावरचंही सांगते.

आधी अर्थ. 'ऋ' म्हणजे जाणे, या धातूला 'क्त' प्रत्यय लागून 'ऋत' होतं, जसं 'गम्' पासून 'गत'. 'ऋतू' हा शब्द त्याच धातूचा, म्हणजे ऋत आणि ऋतू ही भावंडं आहेत, एकच नव्हेत. ऋग्वेदात ऋत म्हणजे जगाची चाल, जे ज्या क्रमाने आणि ज्या रीतीने व्हायला हवं ते तसं होणं. उषा ऋताच्या वाटेने येते, मित्र आणि वरुण हे देव ऋताची राखण करतात. दहाव्या मंडलातलं १९० वं सूक्त तीनच ऋचांचं आहे. तपातून आधी ऋत आणि सत्य जन्मले, मग रात्र, मग समुद्र, असा क्रम त्यात सांगितलाय. तिथे ऋत आणि सत्य शेजारीशेजारी पण वेगळे आहेत, हे लक्षात घ्या. मी वर्गात सांगायची ते असं: 'पाऊस पडतोय' हे बोलणं खरं असेल तर ते सत्य, आणि मृग लागल्यावर पाऊस पडणं हे ऋत.

हा शब्द तुमच्या घरात आधीच आहे, फक्त कोणाचं लक्ष गेलेलं नाही. सासूबाई गणपतीत अथर्वशीर्ष म्हणत असतीलच. 'त्वमेव प्रत्यक्षं तत्त्वमसि' झालं की थोड्याच वेळात येतं, 'ऋतं वच्मि। सत्यं वच्मि।' तोच हा शब्द. राजमुद्रेवर 'सत्यमेव जयते' लिहिलंय, ते मुंडकोपनिषदातलं. मूळ वाक्यात त्यापुढचाच शब्द आहे 'नानृतम्'. अनृत म्हणजे खोटं, म्हणजे जे ऋत नाही ते. नाव दुर्मीळ आहे हे खरं, शब्द मात्र परका नाही.

शेजारच्या घरातही तो आहे. पारशांच्या धर्मग्रंथात, अवेस्तेत, याचाच भाऊ 'अष', आणि पारशी मंडळींची 'अषेम वोहू' ही प्रार्थना याच अषाची. जुन्या फारसीत तो 'अर्त' झाला. मुंबईत अर्देशीर नावाचे गृहस्थ पूर्वी बरेच असत. त्या नावाचा मूळ पहिला भाग हा 'अर्त', आणि पुढे आपल्या 'क्षत्र' शब्दाचा नातलग. म्हणजे ऋत हे माणसाच्या नावात येणं मुळीच नवीन नाही.

आणखी एक अर्थ सांगते, कारण तो मला फार आवडतो आणि नावांच्या याद्यांमध्ये तो सापडणार नाही. मनुस्मृतीत उपजीविकेचे प्रकार सांगताना उंछशिलाला 'ऋत' म्हटलंय. कापणी होऊन गेल्यावर शेतात पडून राहिलेले दाणे आणि कणसं वेचणं म्हणजे उंछशिल. आपल्याकडे त्याला सरवा वेचणं म्हणतात. कोणाचं हिरावून घ्यायचं नाही, कोणापुढे हात पसरायचा नाही, राहिलेलं वेचून जगायचं. हा अर्थ लक्षात ठेवा, स्पेलिंगच्या वेळी त्याची गंमत येईल.

आता मुलाचं की मुलीचं. संस्कृतात 'ऋत' हे नाम नपुंसकलिंगी, आणि विशेषण म्हणून वापरलं तर तिन्ही लिंगांत चालतं. म्हणजे व्याकरणाची हरकत नाही. नणंदबाईंची अडचण व्याकरणाची नसावीच. त्यांच्या कानाला अकारान्त नाव पुरुषी वाटतं. पण माझ्या दोन मावश्या कमल आणि विमल. त्यांच्या मैत्रिणी कुसुम, सुमन, कुमुद. एकीच्याही नावाच्या शेवटी 'आ' किंवा 'ई' नाही. कमल, कुसुम, कुमुद हे शब्द संस्कृतात ऋतसारखेच नपुंसकलिंगी, आणि मराठी घरांनी ते बिनदिक्कत मुलींना दिले. कमल आणि विमल उत्तरेत नाहीतर बंगालमध्ये पुरुष असतात, तो भाग वेगळा. मुलीचं नाव आकारान्त किंवा ईकारान्तच हवं हे आपल्याकडे अलीकडे पक्कं झालंय. आजीच्या पिढीला ते ठाऊक नव्हतं.

कोणी शास्त्र काढलं तर तेही सांगून ठेवते. पारस्कर गृह्यसूत्रात, म्हणजे घरातल्या संस्कारांचे नियम सांगणाऱ्या जुन्या ग्रंथात, मुलाचं नाव दोन किंवा चार अक्षरी आणि कृदन्त (धातूला प्रत्यय लागून झालेलं) असावं, मुलीचं विषम अक्षरांचं आणि आकारान्त असावं, असं आहे. 'ऋत' दोन अक्षरी आणि कृदन्त, म्हणजे मुलासाठी या दोन अटींत बसतं. मुलीसाठी बसत नाही, हे कबूल. पण सासूबाईंची 'ऋता'सुद्धा दोनच अक्षरांची, तीही बसत नाही. आणि सीता, राधा, गीता कुठे बसतात?

नक्षत्राचं तुम्ही विचारलेलं नाही, पण कोणीतरी विचारेलच. अवकहडा चक्रात, म्हणजे नक्षत्राच्या चरणावरून नावाचं पहिलं अक्षर सांगणाऱ्या तक्त्यात, 'री' हे चित्रा नक्षत्राचं चौथं चरण आणि 'रू' हे स्वातीचं पहिलं. ऋचा उच्चार रि करा की रु करा, रास तूळच येते. बाळाची रास दुसरी निघाली तर नावरस नाव वेगळं ठेवायची पद्धत आहेच. ते पत्रिकेत राहतं, हाक मारायचं नाव निराळं. ज्यांना हवं त्यांचं समाधान होतं, आणि तुमच्या नावाला धक्का लागत नाही.

एक गोष्ट मात्र सरळ सांगते. दोघांना चालणारं नाव ठेवलं म्हणून मराठीत काही लपून राहत नाही. इंग्रजीत असं नाव घेऊन पानभर लिहिलं तरी क्रियापदावरून पत्ता लागत नाही. आपल्याकडे 'ऋत आला' किंवा 'ऋत आली' म्हणताक्षणी झालं. फोन उचलून 'मी ऋत बोलतेय' म्हटलं की समोरच्याला कळलंच. त्यामुळे 'आमच्या मुलीकडे कोणी मुलगी म्हणून बघू नये' अशी अपेक्षा नावाकडून असेल, तर ते काम मराठीत नाव करू शकत नाही. ते कागदावर होतं, यादीत, अर्जावर, निकालाच्या फळ्यावर. एवढ्यावर तुमचं समाधान असेल तर ठीक. माझ्या मते तेवढंही कमी नाही. आणि एक साधा फायदा आहे: आपल्याकडे १९९४ च्या कायद्याने गर्भलिंगनिदानाला बंदी आहे, त्यामुळे आईबाप नावांच्या दोन याद्या करत बसतात. तुमची एकच यादी, आणि तीही एका नावाची.

तसं पाहिलं तर मराठीत मुळात बाळ नपुंसकलिंगीच असतं. ते बाळ, ते मूल, ते पोरगं. गोव्याकडे कोकणीत तर मुलगी लग्नाची होईपर्यंत तिच्याबद्दल 'तें' असं बोलतात. 'आमचं ऋत उठलं का?' हे पहिली दोन वर्षं घरात सहज बोललं जाईल, आणि तेव्हा हे नाव जितकं बरोबर बसेल तितकं दुसरं कुठलं बसणार नाही.

माझ्या मते तुमची खरी अडचण लिंगाची नाही. ती हाकेची आणि कागदाची आहे.

हाक घ्या. मराठीत शेवटचा अ आपण खातो, त्यामुळे 'ऋत' बोलताना 'रुत्' होतं. एकच ठोका, आणि शेवटी त. लांबवायला स्वर नाही. 'सावनीऽऽ' म्हणून पटांगणाच्या पलीकडे हाक पोचते, 'ऋत्' चार पावलांवर पडतं. अशा नावांना घर आपोआप शेपूट लावतं. ऋतू होईल, मित्र ऋत्या करतील, मुलगी असेल तर ऋते. हे तुम्ही अडवू शकत नाही, अडवूही नका. फक्त घरातलं लाडाचं रूप तुम्ही आधी ठरवा, नाहीतर गल्ली ठरवते.

विभक्तीचीही एक बारीक मेख आहे. तुमच्या-माझ्या बोलण्यात 'ऋतला', 'ऋतचा डबा' असंच येईल. पण जुनी माणसं नावाचं सामान्यरूप करतात. ती 'गणपतला' न म्हणता 'गणपताला' म्हणतात. त्यांच्या तोंडी 'ऋताला', 'ऋताचा' होणार, आणि ऐकणाऱ्याला मूळ नाव ऋता वाटणार. मुलगी असेल तर सासूबाईंना बोलता बोलता हवं ते मिळेल. मुलगा असेल तर दुरुस्त करायची तयारी ठेवा.

चिडवण्याचं विचारलंत. होईल, आणि कशावरून होईल तेही सांगते. 'रुतणे'. काटा रुततो, गाडी चिखलात रुतते. पाचवी-सहावीतल्या पोरांना हा विनोद सुचायला एक तास पुरतो. मला विचाराल तर हा फार बोचणारा विनोद नाही. अंगावरून, रंगावरून, आडनावावरून चिडवतात त्यापुढे हा सोपा. पोराला अर्थ नीट ठाऊक असला की तेच उलट शिकवायला लागतं. माझ्या वर्गात एका मुलाचं नाव असंच एकेरी आणि वैदिक होतं. तो पहिल्या दिवशी उठून उभा राहायचा आणि कोणी विचारायच्या आधी अर्थ सांगून टाकायचा. दुसरी एक मुलगी होती, तिला स्वतःलाच अर्थ माहीत नव्हता. 'बाबांनी ठेवलंय' एवढंच म्हणायची, आणि तिला वर्षभर चिडवलं. एवढ्याशा अनुभवावरून मी सिद्धान्त मांडत नाही, पण पोर चार वर्षांचं होईपर्यंत त्याच्या भाषेत अर्थ सांगून ठेवा. 'सकाळी सूर्य येतो ना, ते ऋत' इतकंही चालेल.

आडनावाशी जुळवून बघा. हे फारसं कोणी करत नाही, आणि इथे माझा संस्कृतचा रोग उपयोगी पडतो. 'ऋत्' त वर संपतं, म्हणून पुढच्या अक्षराशी त्याची संधी होते, तुम्ही केलीत नाही तरी जीभ करते. सत् आणि जन मिळून सज्जन होतं, तसं 'ऋत जोशी' घाईत 'ऋज्जोशी' होतं. देशपांडे असाल तर 'ऋद्देशपांडे'. नाईक असाल तर जगन्नाथाच्या चालीवर 'ऋन्नाईक'. तांबे असाल तर दोन त एकमेकांवर आपटतात आणि नाव फक्त 'रु' उरतं. कुलकर्णी, पाटील, सावंत यांना काही होत नाही. पूर्ण नाव घाईघाईत दहा वेळा म्हणा, हजेरी घेताना आम्ही म्हणतो तसं.

आता कागद, आणि इथे थोडं थांबते, कारण पुढचा मनस्ताप बहुतेक इथूनच येतो. ऋ हे अक्षर टाइप करणाऱ्याच्या बोटांना सवयीचं नसतं. ऋतुजा नावाच्या मुलींच्या दाखल्यांवर मी 'रुतुजा' पाहिलंय, आणि ऋला उकार देऊन 'ऋुतुजा'ही पाहिलंय. तुमच्या बाबतीत 'रुत' झालं तर शब्दच बदलतो. संस्कृतात रुत म्हणजे पक्ष्याचा आवाज, हिंदीत रुत म्हणजे ऋतू. वाईट एकही नाही, पण तुम्ही ठेवलेलं नाव ते नव्हे. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण नाव त्याच दिवशी घालायची सक्ती नाही. नाव नंतरही नोंदवता येतं, पहिल्या १२ महिन्यांत विनाशुल्क. त्यामुळे दवाखान्यातल्या गडबडीत तोंडी सांगू नका. कागदावर मोठ्या अक्षरात देवनागरी आणि रोमन दोन्ही लिहून द्या, आणि छापण्याआधी पडद्यावर स्वतःच्या डोळ्यांनी बघा. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून पुढच्या बऱ्याच कामांना जन्मदाखलाच मुख्य पुरावा धरला जातो. तिथली चूक पुढे सगळीकडे जाते, आणि मग राजपत्रापर्यंत हेलपाटे.

महाराष्ट्रात १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदावर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असा क्रम आला. तुमच्या दृष्टीने याचा अर्थ असा की 'ऋत'च्या लगेच पुढे तुमचं नाव येणार. संधीची परीक्षा त्याच्याशीही घ्या.

रोमन स्पेलिंगचं परिपूर्ण उत्तर नाही. मराठीत ऋचा उच्चार रु, हिंदीत रि. म्हणून आपली अमृता 'यू' घालून लिहिते आणि दिल्लीची 'आय' घालून. 'आर-यू-टी' लिहिलंत तर परदेशात 'रट' म्हणतील. इंग्रजीत त्याचा अर्थ चाकोरी, शिवाय जनावरांचा माज, म्हणजे ते नकोच. 'आर-आय-टी-ए' लिहिलंत तर रीटा झाली. 'आर-यू-टी-एच', दक्षिणेकडे तला 'टीएच' लिहितात तसं केलंत, तर रूथ. रूथ ही बायबलमधली. आपल्याकडे ख्रिस्ती घरांत हे नाव आहे, म्हणजे कागदावर मुलगी ठरणार. पण गंमत बघा: बायबलमधली रूथ करते काय, तर बवाजाच्या शेतात कापणीमागे सरवा वेचते. आणि मनूच्या म्हणण्याप्रमाणे सरवा वेचणं म्हणजे ऋत. दोन शब्दांचं नातं काडीचं नाही, निव्वळ योगायोग, पण मला हे लक्षात आलं त्या दिवशी मी स्टाफरूममध्ये तीन जणींना धरून सांगितलं होतं. त्यांना माझ्याइतका आनंद झाला नाही.

माझं मत 'आर-यू-टी-ए'. योग, राम हे शब्द रोमनमध्ये शेवटी ए घालूनही लिहितात. अमराठी माणूस 'रुता' म्हणेल, हा तोटा आहे, आणि मुलगा असेल तर तो जास्त जाणवेल. पण चूक एका स्वराची राहते आणि दुरुस्त करायला अर्धं वाक्य लागतं. पुण्या-नाशकात राहणार असाल तर यातलं निम्मं लागूच होत नाही. नोकरीनिमित्त बंगळूरला असाल तरी ठीक, कन्नड लोकही ऋ या अक्षराचा उच्चार 'रु' असाच करतात. दिल्ली किंवा परदेश असेल तर मात्र आयुष्यभर नाव समजावून सांगावं लागेल हे धरून चाला. काही मुलांना ते आवडतं. काहींना नाही, आणि कोणतं मूल तुमच्या घरी येतंय हे आज कळणार नाही.

कागदावर मुलगा-मुलगी ओळखू न येण्याचा एक खरा तोटाही सांगते, मी स्वतः भोगलाय. एका वर्षी वर्गात दोन किरण होते, एक मुलगा, एक मुलगी. तालुक्याच्या स्पर्धेच्या यादीत दोघंही मुलांच्या गटात छापून आले. मुलगी धावायला उभी राहिली तेव्हा कळलं, मग तासभर धावपळ. तेव्हापासून अशा नावापुढे मी स्वतःच लिंगाचा रकाना भरायची, कोणावर सोडायची नाही. तुम्हीही प्रत्येक अर्जावर तो रकाना आधी बघा.

'ऋता'बद्दल शेवटचं. नाव चांगलं आहे, ओळखीचं आहे, हाकेला तर ऋतपेक्षा सरसच. तुमची मुलगी मोठी होऊन ऋता करून घेईल तर खुशाल घेऊ द्या. पण घरात वाद नको म्हणून आत्ताच बदलू नका. 'ऋत आवडलं होतं, पण...' असं प्रत्येक वाढदिवसाला म्हणणारे आईबाप मी पाहिलेत. बारशाला कानात 'कुर्रर्र' करून नाव सांगायचा मान आत्याचा, म्हणजे तुमच्या नणंदबाईंचाच. त्यांना आधी चार दिवस अथर्वशीर्षातली ती ओळ दाखवा आणि पाळण्याजवळ तीच म्हणायला सांगा. विरोध करणाऱ्याला काम दिलं की निम्मा विरोध जातो, हे शाळेच्या गॅदरिंगमध्ये शिकलेय.

तुम्ही आडनाव लिहिलेलं नाही. ज, द, न किंवा त ने सुरू होत असेल तर आधी ते दहा वेळा म्हणून बघा, मग मला कळवा.